न थुंकता केलेलं कौतुक

आमच्या व्रबोवो गावात तान्ह्या बाळाला कुणी गोंडस म्हणत नाही. पाळण्यात डोकवायचं, नाक मुरडायचं, "काय बाई हे ध्यान, माकड बरं याच्यापेक्षा" असं म्हणायचं, तीनदा थू थू थू करायचं आणि जाता जाता "कोंबड्या हगोत तुझ्यावर" असा आशीर्वाद द्यायचा. बाळाची आई मग खूश होते आणि बशीत चेरीचा मुरंबा घालून पुढे करते. एकदा शहरातून नवीन आलेल्या शिक्षिकेने कुणाच्या तरी मुलाला "किती सुंदर!" म्हटलं, तर त्या घराने पुढे सात वर्षं तिला अंडी विकली नाहीत.

मी त्सोन्का. वय एकोणसत्तर, गुडघे दोन्ही स्वतःचे, जीभ जरा लांब. एकतीस वर्षं सहकारी मेंढवाड्यावर कोकरं सांभाळली. लग्न केलं नाही, कारण मागणी घालायला आलेल्यांपैकी एकाचंही तोंड मला रोज सकाळी बघवलं नसतं. माझी धाकटी बहीण इटलीत कुणा म्हाताऱ्याची सेवा करायला गेली, ती तिकडेच राहिली. तिची मुलगी नेव्याना माझ्याच हाताखाली वाढली. ऑगस्टमध्ये नेव्यानाला मुलगी झाली, रादिना. आईची आई फोनवर आणि मी प्रत्यक्ष हजर, म्हणून माहेरची बाजू सांभाळायला मीच.

सासरची बाजू दोब्रिंकाकडे. दोब्रिंका म्हणजे नेव्यानाची सासू, गावच्या शाळेची निवृत्त मुख्याध्यापिका. पाठ अजून फळ्यासारखी ताठ. चाळीस वर्षं आम्ही एकमेकींना ओळखतो आणि चाळीस वर्षं तिला वाटतं की मेंढ्यांबरोबर राहून माझी अक्कल मेंढ्यांएवढीच राहिली.

या वेळी तिला बोलायला मी जागाही दिली होती. आमच्यात बाळ-बाळंतीण चाळीस दिवस उंबरठा ओलांडत नाहीत. त्या चाळीस दिवसांत मी रादिनाला तीनदा शहरात डॉक्टरकडे न्यायला लावलं. पहिल्यांदा उचकी थांबेना म्हणून. दुसऱ्यांदा पायाची कातडी सोलली म्हणून. तिसऱ्यांदा ती दुपारपासून तीन तास सलग किंचाळली म्हणून. जायला चाळीस मिनिटं, यायला चाळीस मिनिटं, आणि वाटेतच पोरगी गाढ झोपायची. तिसऱ्या वेळी डॉक्टर इल्कोव्हा, केस कापलेली तरुण बाई, हसत म्हणाली, "आजी, ही जोरात रडतेय, नीट पितेय, डायपर ओले करतेय. अशा बाळाला घरी न्यायचं आणि आपण चहा प्यायचा."

घरी आल्यावर दोब्रिंकाने मला उभं करून विचारलं, "झालं समाधान, विहीणबाई? चाळीस दिवसांच्या आत तीनदा घराबाहेर! आमच्याकडे असं कधी झालं नव्हतं."

"तुमच्याकडे पुष्कळ काही झालं नव्हतं," मी म्हटलं. पण आवाजात जोर नव्हता.

एक्केचाळिसाव्या दिवशी पोगाचा ठरला. पोगाचा म्हणजे बाळासाठी भाजलेला मोठा गोल पाव. गावातल्या बायका जमतात, सासू तो पाव हातांनी मोडते, मधात बुडवून प्रत्येकीला देते. पुरुषांना त्यात थारा नाही. आदल्या दिवशी नेव्याना माझ्या घरी आली आणि दारातच म्हणाली, "मावशी, तू मला आईच्या जागी आहेस, म्हणून सांगते. उद्या बायकांसमोर डॉक्टरचा ड सुद्धा काढायचा नाही."

"नाही काढणार."

"शपथ?"

"शपथ." मला वाईट वाटलं, पण तिचंही चुकलं नव्हतं.

दुसऱ्या दिवशी दुपारी मी गेले तेव्हा गल्लीभर भाजलेल्या मिरच्यांचा वास सुटला होता. सप्टेंबर संपत आलेला. गावातले झाडून सगळे पुरुष ओढ्याकाठी आलुबुखारांची दारू गाळायला बसले होते, म्हणजे संध्याकाळपर्यंत त्यांच्यातला एकही कामाचा राहणार नव्हता. नेव्यानाचा नवरा योतो मालट्रक घेऊन कुठे तरी जर्मनीत. फाटकासमोर व्हेनेताची पावाची गाडी उभी होती. व्हेनेता पाच गावांना पाव पुरवते, आणि कुठे काही गोडधोड असलं की तिची फेरी नेमकी तिथेच संपते.

घरात अकरा बायका, मध्ये पाळणा. जी ती येऊन रीत पाळत होती.

"ई, केवढी पिवळी पडलीय! थू थू थू!"

"पाय बघा, बेडकाचे नुसते!"

"आणि आळशी किती! एवढ्या गोंगाटात डोळासुद्धा उघडत नाही मेली."

दोब्रिंका अभिमानाने फुलली होती. नवा निळा झगा, गळ्यात मोत्यांची माळ. "आज सकाळपासून हूं नाही की चूं नाही," ती सगळ्यांना सांगत होती. "पाहुणे येणार म्हणून आजीची लाज राखतेय."

हे ऐकलं आणि माझ्या हातातली तळलेली मेकित्सा पुरी हातातच राहिली. रादिना रोज दुपारी गल्ली डोक्यावर घेते. आज दुपारचे तीन वाजले तरी आवाज नाही? मेंढवाड्यावर दोनशे कोकरं एका वेळी ओरडायची, त्याची मला कधी धास्ती वाटली नाही. मी शोधायची ती कोपऱ्यात गप्प पडलेलं कोकरू.

मी पाळण्याशी गेले. तिच्या मुठीत बोट घातलं. एरवी ती असं आवळून धरते की सोडवावं लागतं. आज बोटं सैल. गालाला बोट लावलं. एरवी ती लगेच तोंड वळवून चोखायला शोधते. आज काही नाही. मानेमागे हात घातला तर चटका बसला.

"नेव्याना," मी हाक मारली, "ही मला बरी दिसत नाही."

"मुळीच नाही!" कुणी तरी आनंदाने दुजोरा दिला. "भयंकर दिसतेय!"

"अगं खरंच सांगते. आजारी आहे पोर."

"मरतुकडी आहे मेली," गिचा आजी मायेने म्हणाली आणि थुंकली. गिचा आजी नव्वदीची, गावातल्या सगळ्यांची दृष्ट काढणारी. बायका खळखळून हसल्या. नेव्याना स्वयंपाकघराच्या दारातून बशा घेऊन येत होती, तीही हसली. दोब्रिंकाने तर माझ्या खांद्यावर हात ठेवला.

"आभारी आहे विहीणबाई. जन्मात पहिल्यांदा तू रीत नीट पाळलीस."

एरवी मीच सगळ्यांत मोठ्याने हसले असते. पण त्या क्षणी मला त्या सगळ्यांची मानगूट धरून हलवावंसं वाटलं. बाळाला वाईट म्हणायची आमची रीत, आणि आता वाईट आहे म्हणून सांगायचं तर कुणाला ऐकू जाईना! डॉक्टर म्हणायची सोय नव्हती. म्हटलं असतं तरी मागच्या तीन फेऱ्या सगळ्यांना पाठ होत्या. चौथ्यांदा हसून मला मुरंबा वाढला असता. इकडे पोरीचे ओठ कोरडे पडलेले.

मग मी व्रबोवोत कुणी कधी केलं नाही ते केलं. पोरीला उचलून घेतलं, खोलीच्या मधोमध उभी राहिले आणि मेंढवाड्यावरच्या आवाजात म्हणाले, "बायांनो, इकडे बघा! इतकं देखणं मूल मी जन्मात पाहिलेलं नाही. काय ते नाक, काय तो रंग! आणि शांत तर अशी, की देवळातल्या भिंतीवरचा देवदूत!"

आणि तोंड मिटून घेतलं. थुंकले नाही.

कुणाच्या तरी हातातला मधाचा चमचा फरशीवर पडला. दोब्रिंकाचा चेहरा पिठासारखा पांढरा झाला.

"थुंक!" नेव्याना किंचाळली. "मावशी, आधी थुंक!"

"नाही थुंकणार."

तिने बशा टेबलावर आदळल्या, धावत येऊन पोर माझ्या हातातून ओढून घेतली, छातीशी कवटाळली, तिच्या कपाळावर गाल टेकला. आणि तशीच उभी राहिली.

"अगं बाई," ती हळू आवाजात म्हणाली. "ही तर भाजतेय."

मला वाटलं, सुटले. आता सगळ्या बाळाकडे बघतील. पण त्या बघायला लागल्या माझ्याकडे.

"लागली!" गिचा आजीने हात वर केले. "डोळ्यांदेखत लागली! निळ्या डोळ्यांची बाई, आणि वर न थुंकता!"

"चुलीतला विस्तव आणा!"

"वाडग्यात पाणी घ्या, न बोलता आणलेलं!"

"त्सोन्का," दोब्रिंकाचा आवाज थरथरत होता, "माझ्या घरात, माझ्या नातीला..." मी स्वतःच त्यांच्या हातात तापाचं कारण देऊन बसले होते. आता दहा निखारे विझवतील, पाणी शिंपडतील, संध्याकाळपर्यंत वाट बघतील. त्यांना सकाळ झाली तरी चालेल. मला रडू यायच्या बेतात होतं, आणि रडू यायला लागलं की मला राग येतो.

"गप्प बसा सगळ्या!" मी ओरडले. "मी बोलले तीन वाजता. नेव्याना, तू सांग. ही शेवटची पोटभर कधी प्यायली?"

"आत्ता मघाशी..." नेव्याना थांबली. "नाही. मघाशी तोंडात धरलं आणि सोडून दिलं. सकाळीही तसंच. मला वाटलं, झोपेत आहे." तिचे ओठ हलत होते, आठवत होती. "पहाटे. पहाटे चारला प्यायली."

"आणि डायपर शेवटचा कुणी बदलला?"

"आईंनी," नेव्याना म्हणाली.

"मी? मी सकाळी सहाला बदलला. नंतर तूच बदलत होतीस ना?"

सकाळपासून दोघी कामात होत्या. एक पाव भाजत होती, दुसरी खोल्या आवरत होती, आणि प्रत्येकीला वाटत होतं की दुसरीने केलं. नेव्यानाने डायपरमध्ये हात घातला. कोरडा.

"मग माझी दृष्ट पहाटे चार वाजता लागली काय?" मी विचारलं. "तेव्हा मी घोरत होते. शेजाऱ्यांना विचारा."

दोब्रिंका मात्र विचार करायला लागली. तिचं हे मला मानावंच लागेल, डोकं तिचं चालतं. "तीन दुपट्यांत गुंडाळलंय," ती म्हणाली, "आणि चूल सकाळपासून पेटलेली. त्याने तापली असेल. मागच्या गार खोलीत चला. आधी सोडा, मग मोजू."

बोलणं शहाणपणाचं होतं. मागच्या खोलीत आम्ही दुपटी सोडली, पोरीला नुसत्या झबल्यात ठेवलं. दहा मिनिटं घड्याळाकडे बघत बसलो. मग नेव्यानाने काखेत थर्मामीटर धरलं. दोब्रिंकाने चष्मा लावून वाचलं, पुसलं, परत लावायला सांगितलं, परत वाचलं.

"अडतीस पूर्णांक चार," ती म्हणाली. "दोन्ही वेळा."

मी ओठ घट्ट मिटून घेतले होते. शपथ ती शपथ. आणखी अर्धं मिनिट गेलं असतं तर मात्र मोडली असती.

"डॉक्टर," नेव्याना म्हणाली. "आत्ताच्या आत्ता."

त्या एका शब्दाने मला इतका आनंद झाला की मी तिचं डोकं धरून मुका घेतला.

शहरातून रुग्णवाहिका बोलवावी तर तिची येण्याची चाळीस मिनिटं आणि जाण्याची चाळीस. पुरुष सगळे दारूच्या भट्टीवर. व्हेनेताने मधाची बोटं झग्याला पुसली आणि किल्ल्या काढल्या. "माझ्या गाडीत चला. पावाचा चुरा आहे थोडा, पण पळते."

"अगं, विस्तव तर विझवू द्या!" गिचा आजी वाडगं घेऊन आडवी आली.

"गाडीत विझवा!" नेव्याना तिच्या अंगावर खेकसली. ती रागाने बोलली होती, पण गिचा आजीने ते आमंत्रण समजलं. आम्ही बाळाची खुर्ची पुढच्या सीटला पट्ट्याने बांधेपर्यंत तिने स्वयंपाकघरात निखारे पाण्यात टाकले आणि वाडगं सांभाळत मागे पावाच्या क्रेटवर येऊन बसली. मीही बसले. दोब्रिंका नव्या झग्यासकट बसली. तिच्या मांडीवर अख्खा पोगाचा होता. कधी उचलला, तिला कळलंच नव्हतं.

गाव सुटलं तसा तिने फोन काढला आणि रुग्णालयाला लावला. मी तिचा तो आवाज शाळेच्या मैदानावर कितीदा तरी ऐकलाय, पण इतका गोड कधी वाटला नव्हता. "एक्केचाळीस दिवसांची मुलगी. ताप अडतीस पूर्णांक चार, कपडे सोडून मोजलेला. पहाटे चारपासून दूध नाही. सकाळपासून लघवी नाही. अंग सैल. आम्ही पोचतोय. दारात माणूस उभा करा." आणि फोन ठेवून माझा हात धरला. वळणावळणांच्या त्या रस्त्यावर तिने तो सोडला नाही.

"मावशी," पुढून नेव्यानाने विचारलं, "माझं चुकलं का गं?"

"नाही बाळा. तू तिचा श्वास बघत राहा, बाकी व्हेनेता बघेल." मला भीती वाटत होती, आयुष्यात वाटली नव्हती एवढी. गिचा आजी डोळे मिटून पुटपुटत होती, आणि खरं सांगते, मी तिला थांबवलं नाही.

रुग्णालयाच्या दारात डॉक्टर इल्कोव्हा उभी. मला बघून तिच्या भुवया वर गेल्या. "आजी, पुन्हा तुम्ही?" मग तिने खुर्चीत वाकून पाहिलं, आणि तिचं हसू गेलं. तिने पट्टा सोडवला, पोरीला उचललं आणि जवळजवळ धावतच आत गेली. नेव्याना तिच्या मागे.

आम्ही चौघी बाकावर. वाट बघण्याची मला सवय आहे, मेंढी वीत असली की दुसरं काय करतो आपण, पण ते बाक मला जन्मभर आठवेल. संध्याकाळी डॉक्टर बाहेर आली. लघवीच्या मार्गात जंतू झाले होते. सलाईन लागलं होतं, औषध सुरू झालं होतं. "रक्तात पसरायच्या आधी सापडलं असं वाटतंय," ती म्हणाली. "उतरेल ताप. पण लक्षात ठेवा, तीन महिन्यांच्या आतल्या बाळाला ताप आला, की घरी थांबून बघायचं नाही. आणि न पिणं, न भिजवणं, मलूल पडणं, यातलं काही दिसलं तर तापाचीही वाट बघायची नाही."

"उद्या सकाळी आलो असतो तर?" दोब्रिंकाने विचारलं.

डॉक्टरने खिशाला पेन लावलं. "आज आलात ना," ती म्हणाली. मग माझ्याकडे वळली. "मागच्या वेळी मी तुम्हाला हसले. पुन्हा नाही हसणार. दहादा उगाच या, आजी. मला चालेल."

ती गेल्यावर दोब्रिंकाने मांडीवरचा पोगाचा बाजूला ठेवला.

"अकरा बायका होतो आपण त्या घरात," ती म्हणाली. "त्यात मी मुख्याध्यापिका. माझ्या नातीचा डायपर नऊ तास कोरडा होता, आणि मी बायकांना सांगत होते की ती माझी लाज राखतेय."

"कामाच्या घाईत होतं असं."

"मला समजावू नकोस, त्सोन्का. ऐक. यापुढे तुला काही वाटलं तर बोल. मी गप्प बस म्हटलं तरी बसू नकोस. ओरडून बोल." तिची फळ्यासारखी पाठ वाकली आणि ती माझ्या खांद्यावर रडली. मीही रडले. मला चाळीस वर्षांत ती पहिल्यांदाच आवडली. मग भूक लागली, तसा आम्ही पोगाचा तिथेच मोडला आणि व्हेनेताने गाडीतून मिठाची पुडी आणली. गिचा आजीने आपल्या तुकड्यातला अर्धा पहारेकऱ्याला दिला आणि "तू दिसायला फार वाईट आहेस बरं का" असं मायेने सांगितलं. तो बिचारा शहरातला, त्याला काही कळलं नाही.

एक्केचाळीस आणि दोन, त्रेचाळिसाव्या दिवशी सकाळी मी आणि दोब्रिंका पहिल्या बसने पुन्हा गेलो. गिचा आजीला घरी ठेवलं होतं, ती रुसली होती. वॉर्डच्या बंद दाराबाहेर उभ्या होतो, तेवढ्यात आतून नर्स आली, टोपी वाकडी, घामाघूम.

"रादिनाच्या आज्या तुम्हीच का?" तिने विचारलं. "आत जाऊन तिला काही तरी सांगा. दोन्ही बाजू रिकाम्या केल्या, वर दोनदा अंथरूण भिजवलं, आणि अजून हवंय म्हणून सगळा वॉर्ड उठवलाय तिने!"

दार उघडं राहिलं होतं, त्यातून तो आवाज आला. काय आवाज होता तो! कर्कश, संतापलेला, सगळ्या जगावर हक्क सांगणारा. नेव्यानाचं हसणं त्यातून ऐकू येत होतं, रडत रडत हसत होती.

दोब्रिंकाने माझ्याकडे पाहिलं. मी तिच्याकडे. मग तिने पर्स खाली ठेवली, माझा हात पकडला, आणि आम्ही दोघींनी त्या पांढऱ्या कॉरिडॉरमध्ये होरोची पावलं टाकायला सुरुवात केली, तीन पुढे, एक मागे, लग्नात नाचतात तशी. तिचा गुडघा कुरकुरत होता, माझ्या चपला फरशीवर फटाफट वाजत होत्या.

"अहो, हे रुग्णालय आहे!" नर्स ओरडली.

"माहितीये आम्हाला," दोब्रिंका धापा टाकत म्हणाली, "म्हणूनच तर नाचतोय," आणि तिने दुसरा हात नर्सपुढे धरला. नर्सने इकडेतिकडे पाहिलं, टोपी सरळ केली आणि तो हात धरला.